कर्मवीरच्या कचेरीत : माधवराव सप्रे आणि जबलपूर

जबलपूरला बदलून आलेल्या मराठी माणसास या नगराची खरी ओळख पटते ती बड्या फुहाऱ्यापाशी. फुहारा म्हणजे आपले कारंजे. त्याच्या भोवती जुन्या शहराचा बाजार गजबजलेला असतो. शेजारीच १९३९ च्या त्रिपुरी काँग्रेसची आठवण म्हणून उभारलेला कमानिया दरवाजा आहे. आणि जवळच तिलकभूमी तलैया नावाची जागा आहे. होमरूलच्या चळवळीच्या दिवसांत लोकमान्यांची सभा तेथे झाली, म्हणून हे नाव पडले. आपल्या 'टिळकां'चे येथे 'तिलक' झाले. हिंदीस 'ळ' या वर्णाची गरज पडत नाही, म्हणून तो गळला. माणूस मात्र या गावाने आपला मानून ठेवून घेतला.

जो वर्ण येथे कुणास लागत नाही, तो मनात ठेवून जो मराठी माणूस आयुष्यभर हिंदीची सेवा करीत राहिला, त्याच्याविषयी आज लिहावयाचे आहे. पंडित माधवराव सप्रे यांचे नाव हिंदी वाङ्मयाच्या इतिहासात आदराने घेतले जाते. आपल्याकडे मात्र ते फारसे कुणास ठाऊक नसते. 'कर्मवीर' या साप्ताहिकाचा पहिला अंक १७ जानेवारी १९२० रोजी, शनिवारी, या जबलपुरात निघाला. त्याच्यामागे सप्रे उभे होते. पण संपादक म्हणून नाव होते ते पंडित माखनलाल चतुर्वेदी यांचे. असे का झाले, याचे उत्तर शोधू लागले म्हणजे राज्य पालटण्याच्या काळात वृत्तपत्राची कचेरी कशी चालते आणि ती माणसाकडून काय मागून घेते, याचाही उलगडा होतो.

सप्रे यांचा जन्म १९ जून १८७१ रोजी दमोह जिल्ह्यातील पथरिया या गावी झाला. शिक्षण रायपूर व जबलपूर येथे झाले आणि पदवी कलकत्ता विद्यापीठाची मिळाली. पदवीधर तरुणास सरकारी नोकरी दुर्मिळ नसण्याचे ते दिवस होते. तहसीलदारीची जागा समोर असताना त्यांनी ती नाकारली, असे चरित्रकार सांगतात. आपल्यापैकी ज्यांनी तहसील कचेरीच्या पायऱ्या झिजविल्या आहेत किंवा तेथील खुर्ची भूषविली आहे, त्यांस या नकाराचे मोल निराळे सांगावयास नको. पेंड्रा येथे राजकुमाराचे शिक्षक म्हणून मिळणाऱ्या वेतनातून पैसे साठवून त्यांनी जानेवारी १९०० मध्ये 'छत्तीसगढ मित्र' हे मासिक काढले. त्यात रामराव चिंचोलकर हे त्यांचे सहसंपादक होते आणि वामन बळीराम लाखे हे मालक. सप्रे, चिंचोलकर, लाखे : छत्तीसगढातील हिंदी पत्रकारितेचा आरंभ या तीन मराठी आडनावांनी झाला. मासिक तोट्यात चालले आणि १९०२ च्या अखेरीस बंद पडले. पण त्याच पानांतून सप्रे यांची 'एक टोकरी भर मिट्टी' ही कथा १९०१ साली प्रसिद्ध झाली आणि हिंदीतील आरंभीच्या लघुकथांत तिची गणना आजही होते.

पुढे वंगभंगाचे वादळ उठले. केसरीचा आवाज नर्मदेच्या उत्तरेसही पोहोचावा म्हणून १३ एप्रिल १९०७ रोजी नागपुरातून 'हिंदी केसरी' निघू लागला. संपादक होते सप्रे. पुण्याच्या केसरीतील विचार आठवड्याच्या आत हिंदीत उतरवावयाचा, म्हणजे केवळ शब्दास शब्द ठेवून भागत नसे. टिळकांची मराठी म्हणजे न्यायालयातील उलटतपासणीसारखी, वाचकास एकेका वाक्याने कोपऱ्यात गाठणारी. ती हिंदीत त्याच धारेने उतरली पाहिजे, आणि उतरली की तिच्यामागून येणारा राजद्रोहाचा खटलाही भाषांतरकारानेच पत्करला पाहिजे, असा तो व्यवहार होता. याच पत्राने 'राष्ट्रीय आंदोलन आणि बहिष्कार' या विषयावर निबंधस्पर्धा ठेवली. तीत खांडव्याच्या एका तरुण शिक्षकाचा निबंध पहिला आला. तो शिक्षक म्हणजे माखनलाल चतुर्वेदी. बारा वर्षांनी जबलपुरात जे घडले त्याचे बी असे पेरले गेले होते.

१९०८ चा उन्हाळा सरला आणि संकट आले. २४ जून रोजी लोकमान्यांना मुंबईत अटक झाली; २२ जुलै रोजी त्यांस सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा सुनावण्यात आली. पाठोपाठ २२ ऑगस्ट रोजी सप्रे यांस नागपुरात अटक झाली. कलम तेच, १२४ अ. पुढची हकीकत त्यांच्या चरित्रातील सर्वात अवघड पान आहे. घरच्या मंडळींनी, विशेषतः वडील बंधूंनी, पराकाष्ठेचा आग्रह धरला. प्राण देण्याची धमकीही दिली, असे सांगतात. नोव्हेंबरमध्ये सप्रे यांनी माफीच्या कागदावर सही केली आणि ते सुटले.

सरकारी नोकरीत आयुष्य घालविणाऱ्या आपणा लोकांस सहीचे महत्त्व चांगले कळते. टिपणी दुसऱ्याने लिहिलेली असो, आग्रह तिसऱ्याचा असो. खाली सही ज्याची, जबाबदारी त्याची. सप्रे यांनी आपल्या सहीचा दोष कुणाच्या माथी मारला नाही. ज्यांच्या आग्रहामुळे ती झाली त्यांच्याविषयी कटुता दाखविली नाही. टिळक मंडालेस असताना आपण घरी आहोत, हे शल्य त्यांच्या मनातून गेले नाही. ते वर्ध्याच्या हनुमानगडावर रामदासी परंपरेच्या सहवासात राहिले, माधुकरी मागून जेवले आणि पुष्कळ काळ सार्वजनिक जीवनापासून दूर राहिले. दासबोध त्यांनी हिंदीत आणला तो या काळातील चिंतनाचे फळ म्हणून. आणि पुढे 'गीतारहस्य' १९१५ साली मराठीत प्रसिद्ध झाले तेव्हा त्याचे हिंदी भाषांतर सप्रे यांनीच केले. ज्याने माफी मागितली नाही त्याने मंडालेच्या तुरुंगात शिसपेनने लिहिलेला ग्रंथ, ज्याने माफी मागितली त्याने ओळीमागून ओळ दुसऱ्या भाषेत उतरविला. त्या हजारो ओळी लिहिताना त्यांच्या मनात काय चालले असेल, ते वाचकांनीच ओळखावे.

असा हा माणूस १९१९ च्या सुमारास जबलपुरात एक नवे पत्र उभे करण्याच्या खटपटीस लागला. रौलट कायदा झाला होता, जालियनवाला बाग घडून गेली होती, माँटफर्ड सुधारणा दाराशी आल्या होत्या. प्रांताची राजधानी नागपूर होती आणि राजकारणाचा सूर मराठी होता; नर्मदेकाठच्या हिंदी जिल्ह्यांस आपला आवाज नव्हता. जबलपूर ही त्यासाठी सोयीची जागा होती. १८७० साली मुंबईहून आलेला ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा लोहमार्ग आणि कलकत्त्याहून आलेला ईस्ट इंडियन रेल्वेचा लोहमार्ग येथेच एकमेकांस मिळाले. साहजिकच दोन्ही महानगरांचे टपाल या स्थानकावर उतरे. पंडित विष्णुदत्त शुक्ल आदी मंडळींचे पाठबळ मिळाले. संपादक म्हणून सप्रे यांनी स्वतःकडे न पाहता खांडव्याच्या त्या निबंधकाराकडे पाहिले. माखनलालांनी तोवर शिक्षकी सोडली होती, 'प्रभा' मासिकाचा अनुभव घेतला होता. हे 'प्रभा' प्रारंभी छापले गेले ते पुण्याच्या चित्रशाळा छापखान्यात, हेही मराठी वाचकाने ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

पत्र काढावयाचे म्हणजे प्रथम मॅजिस्ट्रेटसमोर डिक्लरेशन करावे लागे. १८६७ च्या कायद्याने प्रत्येक अंकावर मुद्रक व प्रकाशक यांचे नाव छापणे बंधनकारक होते. आणि १९१० च्या प्रेस ॲक्टाने नव्या पत्राकडून पाचशेपासून दोन हजार रुपयांपर्यंत जामीन मागण्याचा अधिकार मॅजिस्ट्रेटला दिला होता. काही आक्षेपार्ह छापले तर तो जामीन जप्त; पुन्हा काढावयाचे तर एक हजारापासून दहा हजारांपर्यंत नवा जामीन; त्यानंतर छापखानाच सरकारजमा. वृत्तपत्राच्या गळ्यात फास असा आधीच अडकवून ठेवलेला असे. माखनलाल अर्ज घेऊन गेले तेव्हाची एक आख्यायिका हिंदी पत्रकार पिढ्यानपिढ्या सांगत आले आहेत. मॅजिस्ट्रेट आयरिश होता. गावात इंग्रजी साप्ताहिक असताना हिंदीची गरज काय, असे त्याने विचारले. माखनलाल म्हणाले की, ते पत्र भित्रे आहे. मला असे पत्र काढावयाचे आहे की, ज्याने तुमच्या राज्याची चाल अडखळावी. आयरिश मनुष्यास हे उत्तर आवडले असावे, कारण त्याने जामीन न घेताच परवानगी दिली. आख्यायिकेत रंग भरलेला असेल. पण विशेष कारण नोंदवून जामीन माफ करण्याची मुभा कायद्यात होती, आणि असा अधिकार वापरणारा अधिकारी त्या राज्यातही निघू शकत होता.

साप्ताहिकाच्या कचेरीचा दिनक्रम बाहेरच्यास वाटतो तितका वीरश्रीचा नसतो. आठवड्याचे पहिले दिवस टपाल फोडण्यात जात. मोबदल्यात येणारे अंक वाचावयाचे, त्यांतील कामाचा मजकूर कातरून ठेवावयाचा. तालुक्यातालुक्यांहून आलेली बातमीपत्रे शाईच्या डागांतून व गिचमिड अक्षरांतून सोडवून लिहून काढावयाची. कोणती खरी, कोणती वैरातून लिहिलेली, हे ताडावयाचे. मधल्या दिवसांत मजकूर जुळाऱ्यांच्या हाती जाई. देवनागरीचे काम मोठे किचकट. काने, मात्रा, वेलांट्या, जोडाक्षरे अशी खिळ्यांची शेकडो घरे. त्यांतून एकेक खिळा उचलून उलट्या ओळी जुळवावयाच्या, ठसा घेऊन मुद्रिते तपासावयाची, चुका चिमट्याने काढून दुसरे खिळे बसवावयाचे, आणि अंक छापून झाला की तेच खिळे पुन्हा आपापल्या घरात टाकावयाचे. कारण पुढच्या आठवड्यास तेच लागणार. अग्रलेखातील साम्राज्यास हादरा देणारे वाक्य आणि चौथ्या पानावरची हरवल्या बैलाची जाहिरात, दोन्ही त्याच शिशातून निघत. शेवटी घड्या, पत्ते, तिकिटे आणि रात्रीच्या गाडीची घाई.

या साऱ्या खटाटोपाचा सर्वात दक्ष वाचक कोण असे, हे सांगितले तर आपल्यापैकी काहींस मौज वाटेल. तो सरकारी भाषांतरकार असे. प्रांतोप्रांतीच्या सचिवालयांत देशी पत्रांचे अंक नियमाने वाचले जात, आणि वेच्यांचा इंग्रजी गोषवारा वरिष्ठांपुढे गुप्त कागद म्हणून ठेवला जाई. वर्गणीदार एखादा अंक न वाचता ठेवून देईल. हा वाचक एकही ओळ सोडीत नसे. आणि तोही पुष्कळदा आपल्यासारखाच मध्यमवर्गातील, घरी मुलांस श्लोक शिकविणारा गृहस्थ असे. आज या चळवळींचा इतिहास लिहिणारे लोक त्याच्याच गोषवाऱ्यांवर विसंबतात, कारण मूळ अंक कित्येकदा उरलेले नाहीत. नोकरी म्हणून केलेले काम कधी कुणाच्या उपयोगी पडेल, हे सांगता येत नाही.

कर्मवीरने स्वतःवर काही बंधने घालून घेतली होती. पत्राच्या किंवा पत्रातील माणसांच्या अडचणींची वाच्यता पत्रात करावयाची नाही. पैशासाठी याचना छापावयाची नाही. वर्गणीदार वाढविण्यासाठी आपल्याच स्तंभांतून आर्जवे करावयाची नाहीत. क्रांतिकारकांच्या विरुद्ध मजकूर छापावयाचा नाही. सनसनाटी बातम्या द्यावयाच्या नाहीत. जाहिराती गोळा करण्यास माणूस नेमावयाचा नाही. हे नियम वाचले म्हणजे मनुष्य थोडा चकित होतो. यांतील तीन नियम सरळसरळ पोटावर पाय आणणारे आहेत. जामिनाचा फास सरकारने घातला होता; हा दुसरा फास मात्र स्वखुशीचा. पण दुसऱ्या फासामुळेच पहिल्याची भीती उरत नाही, हे त्यांतील मर्म. ज्याने कुणापुढे हात पसरला नाही, त्याला जप्तीच्या धमकीने वाकविणे कठीण जाते.

या कचेरीचा पहिला कस लागला तो सहा महिन्यांत. सागर जिल्ह्यातील रतौना येथे मोठा कसाईखाना काढण्याची योजना सरकारी आशीर्वादाने पुढे आली होती. जुलै १९२० पासून कर्मवीरने तिच्याविरुद्ध लेखणी उचलली. प्रश्न गाईचा, हिंदु-मुसलमानांत तेढ पाडावयास याहून सोपा विषय नाही. पण जबलपूरच्या 'ताज' या उर्दू पत्राचे संपादक ताजुद्दीन यांनीही योजनेस विरोध केला आणि सागरकडे भाई अब्दुल गनी उभे राहिले. शेतकऱ्याच्या गोठ्याचा व कुणब्याच्या बैलाचा प्रश्न म्हणून तो मांडला गेला. काही महिन्यांतच सरकारने योजना मागे घेतली. एका गावातील दोन भाषांच्या दोन छोट्या पत्रांनी मिळून हे केले. आठवड्याच्या पत्राचा परिणाम काय होणार, असे म्हणणारांस हे उत्तर होते.

त्याच मोसमात १ ऑगस्ट १९२० उजाडला. मध्यरात्र उलटल्यावर मुंबईत सरदारगृहात लोकमान्यांचे निधन झाले आणि त्याच दिवशी असहकाराचे पर्व सुरू झाले. शोक आणि नवी हाक एकाच अंकात बसविण्याचा प्रसंग देशातील प्रत्येक संपादकावर आला. सप्रे यांच्यापुरते पाहिले तर ज्या माणसासमोर आपला तो एक कागद कायमचा पडून आहे असे त्यांस वाटे, तो माणूसच निघून गेला. डिसेंबरात नागपूर काँग्रेस भरली. असहकाराचा ठराव तीत कायम झालाच. पण भाषावार प्रांतिक समित्यांची घटनाही तेथेच ठरली. मराठी मध्यप्रांत नागपूरकडे राहिला, हिंदी मध्यप्रांताचे केंद्र जबलपूर झाले. कागदावर एक रेघ ओढली गेली. जन्माने मराठी असलेले सप्रे त्या रेघेच्या हिंदी बाजूस राहिले. आणि तिचा त्यांना जाच झाला असे दिसत नाही, कारण त्यांच्या कामात ती रेघ कधीच नव्हती.

१२ मे १९२१ रोजी माखनलालांना अटक झाली. बिलासपूर येथील भाषण राजद्रोहाचे ठरले आणि आठ महिन्यांची शिक्षा झाली. 'पुष्प की अभिलाषा' ही त्यांची प्रख्यात कविता बिलासपूरच्या तुरुंगातली. कचेरीत मात्र कविता लिहून भागत नाही. पुढचा अंक निघावाच लागतो. लक्ष्मणसिंह चौहान वकिलीचा मार्ग सोडून उपसंपादक म्हणून या पत्रात आले होते; त्यांच्या पत्नी सुभद्राकुमारी चौहान पुढे हिंदीच्या श्रेष्ठ कवयित्री म्हणून गाजल्या. १९२३ साली जबलपूरच्या टाउन हॉलवर तिरंगी झेंडा चढला आणि तेथून झेंडा सत्याग्रहाचे लोण नागपूरला पोहोचले. त्यात हे दांपत्य आघाडीस होते. जबलपूरचे कर्मवीर मात्र टिकू शकले नाही. ४ एप्रिल १९२५ रोजी ते खांडव्याहून माखनलालांनी पुन्हा सुरू केले आणि तेथे ते दीर्घकाळ चालविले.

सप्रे यांस त्या दुसऱ्या कर्मवीरचे एकच वर्ष पाहावयास मिळाले. १९२४ साली देहरादून येथील हिंदी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांस देण्यात आले. आपण महाराष्ट्रीय आहोत, पण हिंदीविषयीचा आपला अभिमान कोणत्याही हिंदी भाषकाहून उणा नाही, अशा आशयाचे त्यांचे त्या वेळचे बोलणे हिंदी जगतात आजही स्मरले जाते. २३ एप्रिल १९२६ रोजी रायपूर येथे ते वारले. भोपाळचे वृत्तपत्र संग्रहालय १९८४ पासून त्यांच्याच नावाने उभे आहे. जुन्या पत्रांच्या जीर्ण पानांस तेथे आसरा मिळाला आहे.

सप्रे हे एकटे नव्हेत. देवघरचे सखाराम गणेश देऊसकर बंगाली 'हितवादी'त लिहीत राहिले आणि त्यांच्या 'देशेर कथा' या पुस्तकाने स्वदेशीच्या काळातील बंगाल हलविला. त्यांचे भाचे बाबूराव विष्णू पराडकर यांनी काशीस 'आज' या दैनिकात हिंदी पत्रकारितेची भाषा घडविली, आणि १९३० साली 'रणभेरी' हे गुप्त पत्रकही चालविले. यांपैकी कुणीही मराठीपण टाकून दिले नाही. त्यांनी ते घरात मिरवीत ठेवण्याऐवजी कामास लावले, इतकेच. पुणेरी गद्याची शिस्त, दासबोधातील विवेक, टिळकांचा युक्तिवाद ही त्यांची शिदोरी. ती त्यांनी शेजाऱ्याच्या पानात वाढली.

आता आरंभीच्या प्रश्नाकडे वळू. कर्मवीरवर सप्रे यांचे नाव संपादक म्हणून का नव्हते? माझ्या मते त्याचे उत्तर १९०८ च्या त्या सहीत आहे. ज्या पत्राने राज्यास अडखळविण्याची प्रतिज्ञा करावयाची, त्याच्या माथ्यावर ज्याने एकदा माघार घेतली त्याचे नाव शोभणार नाही, असा निवाडा त्यांनी स्वतःच स्वतःविरुद्ध दिला असावा. हा निवाडा कठोर होता. पण त्यांनी तो शिक्षा म्हणून भोगला, आणि त्यातून काम मात्र बंद पडू दिले नाही. खचलेला माणूस दोनच गोष्टी करतो, असे आपण समजतो : एक तर आपल्या खचण्याचे समर्थन करीत बसतो, नाही तर कायमचा घरात बसतो. सप्रे यांनी तिसरा मार्ग दाखविला. आपण जेथे उभे राहू शकलो नाही तेथे उभा राहील असा दुसरा माणूस शोधावयाचा, त्याच्यासाठी छापखाना, पैसा, माणसे जुळवावयाची, आणि मग बाजूस व्हावयाचे. माखनलालांनी तुरुंगाचा दरवाजा ओलांडला तेव्हा सप्रे यांच्या त्या अर्धवट राहिलेल्या कारावासाचीही भरपाई झाली, असे म्हटले तर ते अतिशयोक्त होणार नाही.

आपण सारे बदलीची माणसे. तीन वर्षे जबलपूर, तीन वर्षे सागर, मग रायपूर नाही तर भोपाळ. जेथे जातो तेथे गणेशोत्सव बसवितो, मंडळ काढतो, नाटक करतो आणि आपली भाषा आपण टिकविली या समाधानात गाठोडे बांधतो. ते चांगलेच आहे. परंतु संध्याकाळी बड्या फुहाऱ्यापाशी भाजीची पिशवी घेऊन उभा राहिलो, आणि कुणी पत्ता विचारताना 'तिलकभूमी' म्हणाला, की मला सप्रे यांची आठवण होते. त्या उच्चारात आपला 'ळ' नाही, याची पूर्वी थोडी रुखरुख वाटे. आता वाटत नाही. सप्रे यांच्या जुळाऱ्यांच्या खणातही त्या वर्णाचे घर बहुधा रिकामेच राहिले असेल. बाकीचे खिळे मात्र झिजेपर्यंत वापरले गेले.